खाली कुणी हाय का?

स्मशानाशेजारी बाग असली की किस्से साचतात. पाणी घालून दमलेली माणसं घटकाभर बसतात, आणि बसली की गेलेल्यांबद्दल बोलतात. जिवंत माणसाबद्दल बोललं तर त्याच्या कानावर जातं आणि संध्याकाळी तो भांडायला येतो. मेलेला येत नाही. त्यामुळं आमच्याकडं पुराच्या गाळासारखे किस्से थरावर थर चढत गेलेत.

मास्तर म्हणतात, "काकू, हे लिहून काढा." मास्तर म्हणजे आमच्या गावचे रिटायर झालेले शिक्षक. ते स्वतः लिहीत नाहीत, कारण त्यांना शुद्धलेखन येतं. शुद्धलेखन येणारी माणसं फार घाबरतात!

मला येत नाही, म्हणून मी लिहिते. शाळेचं तोंड मी पाहिलं नाही. टेंभुर्णीच्या स्टँडबाहेर आई पेरू विकायची आणि मी एस.टी.च्या पाट्या बघत बसायची. पहिला वाचलेला शब्द 'टेंभुर्णी'. जिनं तिथून सुरुवात केली तिला पुढं कुठल्या अक्षराची भीती? 'बार्शी' तर मी चालत्या गाडीवर वाचलं!

तर, सोलापूर जिल्ह्यात सीना नदीच्या काठाला आमची ही बाग. लहानशी आहे. या टोकाला शिंकलं तर त्या टोकाचा "शंभर वर्षं जग" म्हणतो. सरकारी पाटीवर तिचं नाव 'नदीकाठ संवर्धन उद्यान'. तसं कुणी म्हणत नाही. गावात म्हणतात, 'माणसांची बाग'.

का म्हणतात, ते आधी सांगते. हा पहिला किस्सा हसायचा नाही.

*

माझी लेक सुमी माहेरपणाला आली होती. वाकळा धुवायला नदीवर गेली. जिथं मी जन्मभर धुणं धुतलं, त्याच जागी. गुडघ्याएवढं पाणी.

नदीला तळ असतो, असा आमच्या पिढीचा समज. तो तळ विलासच्या ट्रॅक्टरांनी नेला होता. विलास आमच्याच गावचा, वाळूवाला. वाळू काढून झाली की खड्डा तसाच ठेवायचा, त्यात पाणी भरायचं, आणि वरून सगळं सपाट दिसायचं. वाकळ हातातून सुटून वाहत निघाली. सुमी तिच्यामागं गेली.

आधी वाकळ सापडली.

तिसऱ्या दिवशी राख सावडली आणि माणसं गाडगं घेऊन पाण्याकडं निघाली. मी आडवी उभी राहिले. "थांबा. हिनं पोर खाल्ली. आता राख बी हिलाच घालताय?"

एक जाणता म्हातारा म्हणाला, "शेवंताकाकू, राख पाण्यात सोडावी लागती. त्याबिगर गत मिळत न्हाय."

मी म्हणाले, "बुडूनच मेली ती. अजून किती पाण्यात घालता?"

माणसांनी गाडगं खाली ठेवलं. काठावर खड्डा घेतला, राख त्यात ठेवली, वर करंजाचं रोप लावलं. जागा निवडली वगैरे काही नाही. जिथं माती मऊ लागली तिथं खणलं. माती मऊ का होती? तर तिथूनच ट्रॅक्टर नदीत उतरायचे! तिथं काठ कापून त्यांनी उतार केला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी ट्रॅक्टर आला. ड्रायव्हर सिद्धू. तोही गावचाच, विलासकडं कामाला. ब्रेक मारून म्हणाला, "काकू, ह्ये मधीच काय लावलंय?"

"सुमी."

सिद्धू खाली उतरला. चपला काढल्या. रोपाकडं बघत उभा राहिला. मग परत वर चढला आणि ट्रॉली मागच्या मागं काढत अख्खा चढ रिव्हर्स गेला.

आमच्या बागेची स्थापना ती. पाटीवर मात्र उद्घाटन करणाऱ्याचं नाव आहे!

*

विलासनं सुमीच्या बाजूनं नवा उतार काढला. पण गावानं बघितलं होतं. काकूची पोर ट्रॅक्टर थांबवते, तर आमचा बाप का नाही थांबवणार? मयत झालं, की लोक राख घेऊन काठावर यायला लागले. कुणी चिंच लावली, कुणी जांभूळ, कुणी कडुनिंब. सिद्धूनं स्वतःचा आजा लावला. मेलेल्यांची रांग उतारावर आडवी वाढत गेली. शेवटी एक फट उरली, एका ट्रॅक्टरपुरती. त्या फटीतून विलासची वाळू चालू राहिली.

फटीत आपलं माणूस लावणं म्हणजे विलासशी उघड वैर. आणि अर्धं गाव त्याच्याकडं कामाला! तेवढं कुणाचं धाडस झालं नाही. मी सांगून टाकलं, "ती जागा माझी. मी मेले की मला तिथं लावा." सगळ्यांनी माना डोलावल्या. प्रश्न एवढाच राहिला, की मरायला तर पाहिजे!

*

बाग झाली आणि गावाची भाषाच बदलली. झाडांना झाडाच्या नावानं कुणी हाक मारीना. "बापूला पाणी झालं का?" "आत्याबाईला कीड लागलीय." "आण्णांवर शेळी चढली, हाकला की!" अक्कलकोटकडून नवी नवरी आली होती, मराठी बेताचं. पहिल्याच दिवशी सासरा म्हणाला, "आज्जीला जरा शेणखत घालून ये." पोरगी दारातच रडायला लागली!

माझी शेजारीण फुलाबाई. तिला सासूनं जन्मभर छळलं. सासू जांभूळ होऊन उभी राहिली आणि पाणी घालायची पाळी फुलाबाईवर आली. फुलाबाई घागर घेऊन जायची, सगळ्यांना घालायची, सासूजवळ आली की घागर रिकामी! "संपलं बाई. काय करणार?" रोज संपायचं.

आणि जांभूळ सगळ्यांच्या पुढं वाढलं. पहिला बहर त्याचाच. फुलाबाई खालून वर बघत उभी. म्हणाली, "काकू, बघा की! उपाशी ठिवली तरी फुगलीच. आन् म्हणायची, सून खायाला देत न्हाय!"

खाली पडलेली जांभळं मात्र तिनं पदरात भरून नेली.

*

बाबूराव भाड्याच्या खोलीत जगला आणि भाड्याच्या खोलीतच मेला. घरमालकानं दर वर्षी सामान रस्त्यावर काढायचं, बाबूरावनं गल्ली बदलायची. त्याची बाभूळ अगदी पाण्याच्या कडेला होती. तिच्यावर सुगरणींनी एवढे खोपे बांधले, की फांद्या वाकल्या. मास्तर म्हणायचे, "आता बाबूराव घरमालक झाला!"

बार्शीहून एक मॅडम कॉलेजच्या मुलामुलींना पक्षी दाखवायला घेऊन आल्या. खोपे बघून खूश. फुलाबाईला विचारलं, "मावशी, हे कोणतं झाड?"

"बाबूराव."

"नाही, म्हणजे शास्त्रीय नाव?"

फुलाबाईनं विचार केला. "बाबूराव कोंडिबा."

मॅडमच्या मुलांनी लिहून घेतलं!

*

आता वाळल्याचा किस्सा.

दत्तोबा म्हणजे फटीच्या अगदी कडेचा कडुनिंब. आमच्यात आजाचं नाव नातवाला ठेवतात, म्हणून नातूही दत्तोबाच. तो पुण्याकडं कंपनीत. त्याची बायको तेव्हा बार्शीला माहेरी होती.

एका सकाळी बघतो तर कडुनिंब उभाच्या उभा वाळलेला. घरच्यांना कळवायला पाहिजे. मास्तरांनी बार्शीला फोन लावला. नदीवर रेंज कशी, तर आली तर आली. फोन उचलला नातवाच्या सासऱ्यानं.

मास्तर ओरडून बोलतायत, "दत्तोबा वाळला हो!"

तिकडं ऐकू गेलं, 'वारला'.

"अहो, असं कसं झालं? परवाच तर बोलणं झालं!"

मास्तर म्हणाले, "आम्हालाही नवल वाटतंय. काल संध्याकाळी हिरवागार होता!"

सासरा हुंदके देत म्हणाला, "कधी न्यायचं ठरलंय?"

"न्यायचं कशाला? आता तोडायचं आणि सरपण करायचं!"

पलीकडं फोन पडल्याचा आवाज आला. मास्तर म्हणाले, "बार्शीची माणसं फार हळवी."

दुपारी जीप आली. हार, नवं कापड, आणि छाती पिटत असलेली पोरगी. ती नवऱ्याला शोधतेय आणि आम्ही तिला कडुनिंब दाखवतोय! एवढ्यात माझा फोन वाजला. पुण्याहून खुद्द दत्तोबा. "काकू, मी वारलोय म्हणं?"

"न्हाय रं. तू वाळलास."

"सासऱ्यानं माझ्या सायबाला बी कळवलंय. सुट्टी मंजूर झाली. आता आलोच दोन दिवस!"

सगळे हसले. पोरगी रडता रडता हसली, मास्तरांना शिव्या दिल्या, आणि दमून त्या वाळक्या झाडाखाली बसली. बसल्या बसल्या तिनं मुळाशी हात टेकला. हात नाकाशी नेला.

"काकू, हितं डिझेलचा वास येतोय."

मग कुणी हसलं नाही.

सिद्धू त्या संध्याकाळी स्वतःहून माझ्या दारात आला. "आजाची शपथ काकू, मी न्हाय वतलं." मी म्हणाले, "माझा इश्वास हाय. पण डिझेल कुणाच्या टाकीतलं, त्ये तुला ठावं हाय." तो खाली मान घालून गेला. आम्ही माती बदलली आणि त्याच जागी दुसरा कडुनिंब लावला. खाली दत्तोबा होताच.

*

विलास तोंडानं गोड. आला की आधी पाया पडतो. त्याला मी लहानपणी खाऊ घातलंय, त्यामुळं पाय मागं घेता येत नाहीत, एवढंच.

एकदा मोठा कागद घेऊन आला. त्यावर रंगीत चित्र. पेव्हर ब्लॉक, दिवे, बाकडी आणि एक सेल्फी पॉइंट. "काकू, सगळं मी माझ्या खर्चानं करतो. फकस्त ही रांग जरा तिकडं सरकवू. जेसीबीनं मुळासकट अल्लद उचलायची आन् शिफ्ट करायची. एक बी पान हलणार न्हाय."

"माणसं शिफ्ट करणार?"

"झाडं, काकू."

मी विचारलं, "इलास, तुझा बाप कुटाय रं?"

"वडील? त्यांची रक्षा आमी नदीत सोडली की. तुमी हुतासा की तवा."

"मग सीनेतनं भीमेत गेला असंल. एव्हाना कर्नाटकात पोचला असंल. त्याला आधी शिफ्ट करून हितं आण. मग माझ्या लेकीचं बघू!"

विलासनं चित्राची गुंडाळी केली. परत पाया पडला. निघताना म्हणाला, "काकू, राग मानू नका. धंदा हाय."

मी म्हणाले, "सुमी बी धुणंच धूत हुती. तिचा काय गुन्हा?"

*

आम्ही सोलापूरला एका ऑफिसात गेलो. मी, फुलाबाई आणि मास्तर. वाळू थांबवा, एवढंच सांगायचं होतं. साहेब तरुण होता, वाईट नव्हता. त्यानं पंखा आमच्याकडं वळवला.

"झाडं कुणाच्या मालकीची आहेत?"

मी म्हणाले, "ज्याची त्याच्या."

"म्हणजे मालक कोण?"

"मालक खालीच हायत की."

साहेबाला वाटलं, खाली म्हणजे जिन्याखाली. म्हणाला, "मग त्यांना वर बोलवा ना!"

फुलाबाई जोरात म्हणाली, "नगं सायब! माझी सासू हाय त्यात!"

काम झालं नाही. काही दिवसांनी ती संवर्धन उद्यानाची पाटी तेवढी आली. पाटीला ट्रॅक्टर अडत नाही.

येताना नवी पेठेत थांबलो. लेक माहेरी असली की पंचमीला तिला चोळी घ्यायची असते. सुमी आता कायमची माहेरीच आहे. मी दर वर्षी खण घेते आणि करंजाच्या बुंध्याला बांधते. दुकानदार नवा होता. म्हणाला, "मावशी, लेक केवढी आहे? कापड किती लागेल?"

मी दोन्ही हातांनी बुंध्याचा घेर दाखवला. "एवढी."

तो हसला. "अहो, अंगानं नव्हे. उंचीनं?"

"घराच्या वर गेलीय."

त्यानं मास्तरांकडं बघितलं. मास्तर रस्त्यावरच्या रिक्षा बघायला लागले. दुकानदारानं मुकाट्यानं खण बांधून दिला. हिरवा होता.

*

एका पावसाळ्यात सीना अशी आली, की स्मशानाचं पत्र्याचं छप्पर तिच्यातून वाहत गेलं. पाणी उतरल्यावर बघतो, तर बाबूराव नाही. बाभूळ, खोपे, आतली पिलं, सगळं गेलं. बाबूरावचं सामान परत एकदा रस्त्यावर!

त्याच्या घरी वाद लागला, की सुतक धरायचं का? एक भाऊ म्हणाला, "माणूस दुसऱ्यांदा गेला, सुतक बी दुसऱ्यांदा." दुसरा म्हणाला, "एका माणसाला एकच सुतक." निकाल मास्तरांकडं आला. मास्तर म्हणाले, "अर्धं धरा." दुपारपर्यंत धरलं!

हसले मीही. मग सुमीकडं गेले.

काठ तुटत तुटत तिच्यापर्यंत आला होता. करंज उभा होता, पण एका अंगाची मुळं उघडी पडून हवेत लोंबत होती. धुतलेले केस सोडल्यासारखी. खाली पाणी. पाणी आतून माती चाटत होतं. मी खाली उतरून बघितलं. काठ कापला कुठून? तर फटीतून. ट्रॅक्टरनं केलेल्या उतारातूनच पाणी आत शिरलं होतं आणि मागून पोखरत सुमीकडं निघालं होतं.

जिला मी चिमूटभर राख दिली नव्हती, ती नदी आता सगळीच न्यायला आली होती.

आम्ही पोती भरून लावली. माती टाकली. पण फटीतून ट्रॅक्टर रोज उतार खोल करत होते, ती उघडी होती तोवर काही खरं नव्हतं. पुढच्या पावसाळ्यात सुमी जाणार, हे फुलाबाईलाही दिसत होतं. ती आणखी पोती शिवत बसली.

*

फट बुजवायची म्हणून मी तिथं रोप लावलं. नुसतंच. सकाळी सिद्धूचा ट्रॅक्टर आला. इंजिन चालू ठेवून त्यानं विचारलं, "काकू, खाली कुणी हाय का?"

देवाच्या आणि मेलेल्यांच्या बाबतीत खोटं बोलायला जीभ वळत नाही. मी म्हणाले, "न्हाय."

"मग सरका."

रोप चाकाखाली गेलं. मोठा आवाज होत नाही त्याचा. काडी मोडल्यासारखा होतो.

मी दुसरं लावलं. दुसऱ्या सकाळी सिद्धूनं तेच विचारलं, "खाली कुणी हाय का?"

"मी हाय!"

"तुमी अजून वर हायसा, काकू," सिद्धू म्हणाला. त्याचे डोळे भरले होते. पण त्यालाही घरी पोरं होती. "सरका."

आता बघा कशी गंमत. काठ तुटतोय, फटीला एक मेलेलं माणूस पाहिजे, आणि गावात कुणी मरेना! मी जेवण कमी केलं, तर तब्येत सुधारली. मास्तरांना खोकला झाला. फुलाबाई रोज काढा घेऊन जायची आणि विचारायची, "मास्तर, कसं वाटतंय?"

मास्तर अंगावरचं पांघरूण फेकून ओरडले, "त्या फटीचं माप मनात धरून माझी तब्येत विचारू नका!"

काढ्यानं खोकला गेला. फुलाबाई माझ्याकडं येऊन म्हणाली, "काकू, चुकलंच माझं."

*

शेवटचा किस्सा आक्काचा.

आक्का म्हणजे विलासची आई. माझ्याहून मोठी, आणि तोंडानं माझ्याहून फटकळ. म्हणजे विचार करा! सुमी गेली तेव्हापासून आम्ही बोलत नव्हतो. मी तिच्या दारावरून जायची नाही, ती माझ्या सावलीत उभी राहायची नाही. लग्नकार्यात एका पंगतीला बसलो तर मधे दुसरी बाई.

उन्हाळा संपत आला होता. एका दुपारी आक्का काठी टेकत टेकत बागेत आली. एकटीच. मी सुमीजवळ पोत्यांवर माती टाकत होते. मी बघितलं आणि पुढचं पोतं ओढलं.

तीच म्हणाली, "शेवंते, हितं कोण?"

"दत्तोबा."

"आन् तितं?"

"फुलाबाईची सासू."

"वाटलंच. पसरलीय केवढी!" मग ती करंजापुढं येऊन थांबली. तिथं तिनं विचारलं नाही. हिरवा खण बुंध्याला होताच. तिनं खालची लोंबती मुळं बघितली, पाणी बघितलं. बराच वेळ बघितलं. मग फटीत जाऊन उभी राहिली. ट्रॅक्टरच्या चाकोऱ्या तिच्या दोन्ही अंगांना.

"आन् हितं?"

"हितं मी. मेल्यावर."

आक्कानं मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. बाजारात म्हैस बघतात तसं. म्हणाली, "तुला लई येळ हाय अजून."

काठीनं जमिनीवर दोनदा ठोकलं आणि निघून गेली.

पाऊस चार बोटं पडला असेल-नसेल, आणि आक्का झोपेतच गेली. विलासनं सगळं थाटात केलं. तिसऱ्या दिवशी सावडायला सगळं गाव होतं. मी लांब उभी. विलासच्या एका हातात गाडगं, आणि दुसऱ्या काखेत तेलाचा एक जुना डबा. डब्यात उंबराचं रोप, चांगलं गुडघ्याएवढं.

तो पाण्याकडं गेला नाही. बागेत शिरला. रांगेपाशी येऊन उभा राहिला आणि इकडंतिकडं बघायला लागला. पांढऱ्या धोतरात तो मला शाळेतल्या पोरासारखा दिसला.

"काकू, आक्का सांगून गेलीय," तो म्हणाला. "नदीत सोडू नगंस म्हणाली. हा उंबर तिनं वट्यावर डब्यात वाढवला हुता. रोज मलाच पाणी घालाय लावायची. म्हणायची, माझ्या नावानं घाल, हाताला वळण लागंल. मला काय ठावं..." त्यानं डबा काखेत घट्ट धरला.

मी विचारलं, "जागा सांगून गेलीय का?"

विलासनं मान हलवली. हो म्हणून. पण पाय उचलेना.

फुलाबाई पुढं झाली, त्याच्या काखेतून डबा घेतला, आणि चालत जाऊन फटीच्या बरोबर मधोमध ठेवला. कुदळ सिद्धूनं मारली. माती मऊच होती.

विलासनं राख घातली, रोप लावलं, घागर ओतली. सगळं झाल्यावर मी पुढं गेले आणि माझ्या वाटणीचं पाणी ओतलं. मनात म्हणाले, 'आक्का, माझी जागा घेतलीस की गं!'

मग सुतक. मग दिवस झाले. गोडाचं जेवण झालं. नदीत ट्रॅक्टर नव्हता, कुणी काही विचारलंही नाही. गावात कुणी म्हणायचं आता थांबेल, कुणी म्हणायचं बघा, दोन दिवसांत उपटेल.

आणि एका सकाळी आवाज आला.

मी, फुलाबाई आणि मास्तर पाणी घालत होतो. फुलाबाईची घागर सासूपाशीच खाली बसली. ट्रॅक्टर उतारावरून खाली आला, रिकामी ट्रॉली खडखडत. उंबरापासून हातभर अंतरावर थांबला. सिद्धूनं इंजिन बंद केलं. आमच्याकडं बघितलं नाही. खिशातून फोन काढला आणि स्पीकरवर टाकला.

"मालक, ट्रॅक्टर हुबा हाय."

पलीकडून विलास म्हणाला, "का रं? डिझेल न्हाय का?"

"डिझेल हाय."

"मग काय झालं?"

सिद्धूनं चपला काढल्या.

"मालक, आक्का मधी हायत." त्यानं फोन उंबराकडं धरला. "माझ्याच्यानं न्हाय हुणार. तुमीच या, आन् तुमीच म्हणा त्यास्नी, सरका!"